आबा गेले आणि घोडीनं दाणा सोडला

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. आबा दिवाळीच्या आधी गेले. तेव्हापासून त्यांची तेरा वर्षांची देशी घोडी दाणा टाकते, दिवसभर फाटकाकडे तोंड करून उभी असते आणि तुम्ही जवळ गेलात की कान मागे पाडून मागचा पाय उचलते. वडिलांचं म्हणणं, नांदेड जिल्ह्यातल्या माळेगावच्या यात्रेत विकून मोकळं व्हावं. आई म्हणते, आबांचा जीव तिच्यात होता, तिला विकायचं नाही आणि तिच्यावर कुणी बसायचंही नाही. तुम्ही विचारताय की घोडी खरंच शोक करते का, आणि विकली तर झुरून मरेल का.

पशुवैद्यक म्हणून माझी नोकरी बहुतेक नांदेड-लातूर पट्ट्यात झाली. ‘मालक गेले अन् घोडं खाईना झालं’ हे वाक्य मी बऱ्याच वाड्यांवर ऐकलंय. म्हणून शोकाचं नंतर बोलू. आबा रोज तिच्यासाठी काय काय करत होते आणि त्यातलं आता काय होत नाही, हे आधी शोधायला हवं. घरातल्या कुणालाच ते पुरतं ठाऊक नसतं, आणि बऱ्याचदा दुखणं तिथंच सापडतं.

पण त्याच्याही आधी एक गोष्ट. ‘दाणा टाकते’ एवढंच तुम्ही लिहिलंय. कडबा, गवत खाते का? पाणी पिते का? फक्त हरभरा-भरडा टाकत असेल आणि वैरण खात असेल, तर तुमच्या हातात वेळ आहे. वैरणही बंद असेल तर हे उत्तर इथंच सोडा आणि आजच डॉक्टर बोलवा. गावात कुणी मिळत नसेल तर १९६२ वर फोन लावा, फिरतं पशुवैद्यकीय पथक येतं. बैल दोन दिवस वैरणीवर रुसला तरी निभावतं, घोड्याचं तसं नसतं. त्याचं पोट अंगाच्या मानानं फार लहान, चांगल्या मोठ्या घोड्याचंसुद्धा ८ ते १५ लिटरचं. वैरणीचं खरं पचन मागच्या मोठ्या आतड्यात होतं आणि ते आतडं सतत थोडंथोडं भरत राहावं लागतं. ते थांबलं की पोटशूळ. घोड्याला ओकताही येत नाही, त्यामुळे आत गेलेलं तोंडावाटे बाहेर पडायची सोय नाही. शिवाय तुमची घोडी लहान चणीची आहे आणि आबांनी लाडानं भरवलेली असणार. अशा गुबगुबीत तट्टाचं खाणं एकदम तुटलं की अंगातली चरबी रक्तात उतरते, काळजावर म्हणजे यकृतावर येते आणि जनावर हातचं जातं. घोडी ‘झुरून मेली’ असं जे म्हणतात, त्यातल्या काही घोड्या अशा गेलेल्या असतात.

म्हणून घरच्या घरी एवढं बघा. लीद दिवसातून साधारण आठ ते बारा वेळा पडते. ती कमी झाली का, गोळे लहान आणि कोरडे झाले का? ओठ उचलून हिरड्या बघा, त्या ओल्या आणि गुलाबी हव्यात. दोन्ही कुशींना कान लावा, आत गुडगुड ऐकू आली पाहिजे. शांतता असेल तर ती वाईट खूण. ताप ९९ ते १०१.५ फॅरनहाइटमध्ये असावा आणि नाडी निवांत उभ्या घोड्याची मिनिटाला २८ ते ४४. नाडी जबड्याच्या हाडाखालच्या कडेला बोटाला लागते, पण घोडी तुम्हाला जवळ येऊ देत नसेल तर हट्ट करू नका, डॉक्टरवर सोडा. ताप सकाळ-संध्याकाळ दोन्ही वेळा घ्यायला सांगतो, त्याला कारण आहे. पावसाळ्यानंतर आपल्याकडे चावऱ्या माश्यांमुळे सर्रा नावाचा रक्तातला आजार पसरतो. त्यात ताप येतो-जातो, घोडं वाळत जातं, पायांवर आणि पोटाखाली सूज उतरते आणि तोंड उतरलेलं दिसतं. घरात नुकताच मृत्यू झालेला असला की हे सगळं शोकाच्या खात्यावर जमा होतं. रक्ताच्या थेंबाची काच तपासली की कळू शकतं. एका तपासणीत नाही सापडलं तर ताप असताना पुन्हा रक्त घ्यायला सांगा.

आता आबांकडे येतो.

कंधार तालुक्यातल्या एका घरातलं सांगतो. म्हातारबुवांनी अंथरूण धरलं आणि घोडीनं आठवड्याभरात कडबा सोडला. सगळे म्हणत होते, ‘धन्याला बघितल्याबिगर खाईना.’ घोडीला धरून म्हातारबुवांच्या खाटेपर्यंतही नेऊन झालं होतं. मी लीद बघितली तर त्यात कडब्याचे लांब तुकडे तसेच. गव्हाणीखाली अर्धवट चघळून टाकलेले ओले बोळे पडलेले. तोंड उघडून बघितलं तर दाढांच्या कडा सुरीसारख्या झालेल्या, आतून गालाला जखमा आणि एक दाढ मोडलेली. म्हातारीला विचारलं, ‘बुवा कसं खाऊ घालायचे?’ तेव्हा सगळं बाहेर आलं. ते रात्री हरभरा भिजत घालायचे, पहाटे पाट्यावर चेचायचे आणि कडबा विळ्यानं बोटाच्या पेराएवढा बारीक करून त्याला पाणी मारायचे. तिची दाढ मोडलीय हे त्यांनाही ठाऊक नसावं. असं केलं की ती खाते, एवढंच त्यांना उमगलं होतं. ते पडल्यावर पोरांनी माया केली, काही कमी केलं नाही. पण कडब्याची अख्खी पेंढी पुढे टाकली आणि हरभरा कोरडा दिला.

घोड्याचे दात जन्मभर थोडेथोडे वर येत राहतात, वर्षाला दोन-तीन मिलिमीटर, आणि खालच्या-वरच्या दाढा नीट घासल्या गेल्या नाहीत की कडांना धार येते. कानशीनं त्या सपाट करता येतात. तेरा वर्षांच्या घोडीचे दात कुणी बघितलेच नसतील, तर पहिला संशय माझा तिथं. तालुक्याच्या दवाखान्यात त्याची हत्यारं नसतील तर परभणी किंवा उदगीरच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात चौकशी करा. आणि तेरा म्हणजे म्हातारी नव्हे हो. नीट सांभाळली तर घोडी पंचविशी सहज बघते.

तेव्हा घरी बसून आठवा आणि बाहेर विचारा. आईला विचारा की आबा पहाटे उठून कोणती भांडी वाजवायचे. शेजारच्या गड्याला विचारा की घोडी कुठल्या विहिरीवर, कुठल्या हाळावर पाणी प्यायची. अनोळखी पाणी बरेच घोडे तोंडाला लावत नाहीत. किराणावाल्याला विचारा की आबा काय आणि किती न्यायचे. नाल ठोकणाऱ्याला विचारा, त्याला घोड्याबद्दल घरच्यांपेक्षा जास्त माहीत असतं. दाणा तोबऱ्यात द्यायचे की घमेल्यात? आधी पाणी की आधी दाणा? हे सगळं कागदावर उतरवा आणि आठवडाभर जसंच्या तसं करा. आबांची माया या बारक्यासारक्या गोष्टींत होती आणि घोडीलाही ती याच रूपात कळत होती.

आबा गेल्यावर काय नवीन सुरू झालं, तेही बघा. तेराव्याला आलेले पाहुणे डोळे पुसत घोडीपुढे पुरणपोळ्या टाकतात, गूळ चारतात. एकदम एवढा गोड आणि पिठूळ माल पोटात गेला की पोटशूळ तरी उठतो, नाहीतर खुरांत दाह होऊन घोडी पाय आखडते. दुसरं, म्हशीच्या पोत्यातलं किंवा कोंबड्यांचं तयार खाद्य तिला चुकूनही घालू नका. त्यात काही वेळा मोनेन्सिन नावाचं औषध मिसळलेलं असतं. म्हशीला, कोंबडीला ते चालतं, पण घोड्याचं हृदय त्यानं निकामी होतं आणि त्यावर उतारा नाही. अवकाळी पावसात भिजून काळा पडलेला कडबा आणि बुरशी आलेला मकाही नको. असा मका थेट घोड्याच्या मेंदूवर जातो.

समजा हे सगळं तपासून झालं. दात ठीक, ताप नाही, रक्त साफ, लीद नेहमीसारखी, आणि तरी घोडी फाटकाशीच उभी. मग हो, तिला आबा हवे आहेत. त्यात मला काही खोटं वाटत नाही.

घोडा कळपातला जीव. एकटा घोडा रानात फार दिवस टिकत नाही हे त्याच्या रक्तात आहे, म्हणून तो सोबतीच्या जिवाला धरून असतो. तुमच्या दावणीला दुसरं घोडं नव्हतं. बारा वर्षं तिचा कळप म्हणजे आबाच. माणसं ती वेगवेगळी ओळखते, यावर चांगलं काम झालेलं आहे. इंग्लंडमधल्या ससेक्स विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१२ साली ओळखीच्या दोन माणसांच्या मध्ये घोडं उभं केलं आणि त्यातल्या एकाचा रेकॉर्ड केलेला आवाज लावला. ज्याचा आवाज, त्याच्याकडे घोडं बघायचं. २०१८ मध्ये त्यांनी आणखी एक केलं. अनोळखी माणसाचा रागीट किंवा हसरा फोटो घोड्यांना दाखवला आणि काही तासांनी तोच माणूस साध्या चेहऱ्यानं समोर आणला. रागीट फोटो बघितलेली घोडी त्याच्याशी बिचकून वागली. आपल्याकडच्या जाणत्या माणसांना हे नवं नाही, पण ‘मुक्या जनावराला काय कळतंय’ म्हणणारा एखादा पाहुणा घरात असतोच, त्याच्यासाठी सांगितलं.

मात्र आपण शोक म्हणतो त्यात मृत्यू कळलेला असतो. घोडीला तो कळला आहे की ती नुसती वाट बघते आहे, हे मी छातीठोकपणे सांगणार नाही. मला दिसतं ते एवढंच की ठरल्या वेळी ठरलेला माणूस येत नाही, म्हणून ती अस्वस्थ आहे. ती कोणत्या वेळी फाटकाकडे जाते ते टिपून ठेवा. आबांच्या रपेटीच्या वेळीच जात असेल तर उत्तर तिथंच मिळालं: त्या वेळी कुणीतरी यायला हवं.

ते तुम्ही व्हा, पण गुळाचा खडा घेऊन नको. गुळानं घोडी गुळाला हेरते, तुम्हाला नाही. हाताला चावायची खोड लागते ती वेगळीच. पहिले काही दिवस नुसते जा. तिच्या नाकासमोर आणि शेपटीमागे तिला दिसत नाही, म्हणून खांद्याच्या बाजूनं, बोलत बोलत जा. काय बोलता याला महत्त्व नाही, ‘आज ऊन फार पडलंय गं’ इतकंही पुरे. पाय उचलला तर रागावू नका आणि धावत मागेही येऊ नका. आहात तिथं थांबा, तिरके उभे राहा, नजर दुसरीकडे घ्या. तिनं कान सैल सोडले की आपण होऊन निघून या. जवळ येणारा माणूस परत जातोही, हे तिला कळू द्या. हे रोज एकाच वेळी, एकाच माणसानं करायचं. घरातल्या पाच जणांनी पाच वेळा लाड केले तर ती कुणाचीच होत नाही. आबांचं घोंगडं किंवा रुमाल अजून धुतला नसेल तर बरोबर ठेवा, ओळखीच्या वासानं काही घोडी निवळतात. काहींना त्याचा फरकही पडत नाही.

ती हात लावू देईल असं वाटलं, तरी तोंडावर थोपटू नका. आयाळ संपते तिथं, खोगिराच्या पुढे जो उंचवटा असतो, तिथं बोटांनी खाजवा. दोन घोडी एकमेकांना दातांनी तिथंच खाजवतात. फ्रान्समध्ये १९९३ साली केलेल्या प्रयोगात माणसानं त्या जागी खाजवल्यावर घोड्याच्या हृदयाचे ठोके कमी झालेले आढळले. तिची मान खाली आली, खालचा ओठ लोंबू लागला की तुमचं काम झालं. मग खरारा, मग खूर उचलून साफ करणं, मग मोरखी म्हणजे तोंडावरची दोरी घालून हातात धरून फिरवणं. यात किती दिवस जातील ते तिच्यावर आणि तुमच्या धीरावर आहे. लहान पोरांना या काळात लांब ठेवा.

पिछाडी, म्हणजे मागच्या पायांची दोरी, बांधत असाल तर, जागा सुरक्षित असेल तिथं, सोडा. घोडं उभ्यानं डुलक्या घेतं, पण गाढ झोपेसाठी त्याला आडवं व्हावं लागतं, आणि राखण करणारं कुणी जवळ नसेल तर ते आडवं होत नाही. सकाळी अंगाला माती-लीद लागलेली आहे का बघा. आठवडाभर अंग स्वच्छच दिसलं, तर घोडी झोपलेली नाही. शेळी जवळ बांधून बघा. हे ऐकून लोक हसतात, पण घोड्याला शेळीची सोबत चालते आणि मराठवाड्यात शेळी शोधायला कुठं जावं लागत नाही.

आईच्या इच्छेबद्दल. आबांच्या घोडीवर कुणी बसू नये, ही भावना आपल्या मातीत रुजलेली आहे. वारीत माउलींचा अश्व स्वाराविना धावतो आणि लोक त्याच्या टापेखालची माती कपाळाला लावतात. नांदेडला तख्त सचखंड श्री हजूर साहिबमध्ये गुरु गोविंदसिंगांच्या घोड्याचा वंश मानून घोडी सांभाळतात, मिरवणुकीत त्यांना मान असतो. तेव्हा आईचं जरूर ऐका. पण तो रिकाम्या खोगिराचा अश्व अंकलीहून आळंदीला चालत येतो आणि पुढं पंढरपूरपर्यंत चालतो, हेही आईला सांगा. मान दिलेलं घोडं खुंट्याला बांधून ठेवलेलं नसतं. बसू नका, पण हातात धरून रोज तासभर चालवा, शक्यतो आबांच्या वाटेनं. एक खोटी समजूत माझ्या मते अनेक घरांत घोड्याच्या मुळावर येते: वाडवडिलांची आठवण म्हणून घोडं ठेवायचं आणि आठवड्यात एकदा त्याच्याकडे बघायचं. त्यापेक्षा ते कामाच्या माणसाकडे गेलेलं बरं.

म्हणजे विकावी की ठेवावी? हे परिस्थितीवर आहे, आणि वडिलांना निर्दयी ठरवू नका. सोयाबीन वाढलं, ज्वारी घटली, कडबा महाग झाला. खर्चाचा हिशेब त्यांनाच करावा लागतो. तीनशे किलोच्या घोडीला दिवसाला ६ ते ७ किलो कोरडी वैरण लागते, पाणी २० ते ३० लिटर, उन्हाळ्यात त्याहून जास्त. शिवाय सहा ते आठ आठवड्यांनी खूर तासणं. पण पैशापेक्षा माझा प्रश्न वेगळा आहे: पहाटे तिच्यापाशी कोण असणार? तुम्ही पुण्याला नोकरीला जाणार असाल, वडिलांना गुडघेदुखी असेल आणि आईला घोडीची भीती वाटत असेल, तर ठेवण्याचा निर्णय हळवा असला तरी घोडीच्या भल्याचा नाही. घरात एक जरी माणूस रोज तास-दोन तास देणारा असेल तर ठेवा.

विकली तर मरणार नाही. घोडी नव्या जागी रुळतात. ओळख विसरत नसल्या तरी जगणं थांबवत नाहीत. फक्त आज, खाणं सुटलेलं असताना विकू नका. प्रवास, गर्दी, नवं पाणी आणि उपाशी पोट असं एकत्र आलं तर मात्र भरवसा नाही. माळेगावात लोक येतात ते उंच मारवाडी, काठेवाडी घोड्यांसाठी. लहान चणीच्या तेरा वर्षांच्या देशी घोडीला तिथं फार किंमत येईल असं मला वाटत नाही. गिऱ्हाईक आधी अंगावरचे केसांचे भोवरे बघेल, त्यातला शुभ मानलेला देवमण आहे का बघेल, तोंड उघडून दाढा बघणारा विरळाच. बहुधा ती वरातीच्या धंद्यात जाईल. जन्मभर रानवाटेनं चाललेल्या घोडीला डांबरी रस्ता, डीजे आणि फटाके यांत उभं करणं मला पटत नाही. त्यापेक्षा ओळखीत माणूस शोधा: बिऱ्हाडाबरोबर घोडी बाळगणारा एखादा मेंढपाळ, किंवा आधीच एक-दोन घोडी असलेला शेतकरी, जिथं तिला कळप मिळेल. त्याला चार-आठ दिवस तुमच्या दारात येऊन स्वतःच्या हातानं दाणा घालू द्या, मगच न्यायला सांगा. आबांच्या सवयी उतरवलेला तो कागद बरोबर द्या, आणि तिच्या सवयीच्या वैरणीची एखादी पेंढीही.

यात्रेचंच ठरलं तर ग्लँडर्सच्या तपासणीसाठी रक्ताचा नमुना बराच आधी द्या. हा रोग माणसालाही होतो आणि जनावर बाधित निघालं तर कायद्यानं ते मारावं लागतं, म्हणून घोड्यांच्या वाहतुकीत याबाबत ढिलाई चालत नाही. पशुवैद्यकीय दवाखान्यात सांगितलंत की नमुना कुठं पाठवायचा ते तेच बघतात.

आत्ता मला तीन गोष्टी कळवा: कडबा खाते का, लीद दिवसाला किती वेळा पडते, आणि सकाळ-संध्याकाळचा ताप किती. गव्हाणीखाली चघळलेले बोळे सापडले तर त्यांचा फोटोही टाका. दाणा किती आणि कसा सुरू करायचा ते त्यावरून सांगतो. तोवर तो वाढवू नका, भिजवलेला मूठभरच द्या.